ज्युबिली म्हणजे काय?

(धर्मग्रामाच्या सुवर्णमहोत्सवाच्या पूर्वसंध्येस ख्रिस्तमंदिरात दिलेले भाषण)



उद्या आपल्या धर्मग्रामास पन्नास वर्षे पूर्ण होतात. अंगणात मांडव उभा आहे, पताका लागल्या आहेत, आचाऱ्याने चुली मांडल्या आहेत, आणि आमंत्रणपत्रिकेवर सोनेरी अक्षरांत ‘ज्युबिली’ हा शब्द झळकत आहे. गेले तीन महिने हा शब्द आपणां सर्वांच्या तोंडी आहे. परंतु तो शब्द खरोखर काय सांगतो, हे मला गेल्या महिन्यापर्यंत कोणी विचारले नव्हते, आणि मीही स्वतःस विचारले नव्हते.

विचारले ते एका वृद्ध आजीने. मिस्सा आटोपल्यावर ती काठी टेकीत मजकडे आली आणि म्हणाली, “का जी फादर, हे जुबली जुबली म्हणतेत, ते का होय?” मी म्हणालो, “आजी, आपल्या देवळास पन्नास वर्षे भरली, म्हणून ज्युबिली.” तिने क्षणभर विचार केला आणि पुन्हा विचारले, “भरली त समजलं जी. पन भरल्यावर का होते?”

बंधुभगिनींनो, मी सेमिनरीत लॅटिन शिकलो, धर्मशास्त्र शिकलो. परंतु त्या वेळी मला उत्तर सुचले नाही. “भोजन होते, आजी,” एवढेच मी म्हणालो. ती हसून निघून गेली. पण तो प्रश्न काही गेला नाही. आजचे हे भाषण म्हणजे त्या आजीस उशिरा दिलेले उत्तर आहे.

ज्युबिली हा शब्द आपणांकडे इंग्रजीतून आला. इंग्रजीत तो फ्रेंच व लॅटिनमधून आला. आणि त्याचे मूळ हिब्रू भाषेत आहे. तेथे ‘योबेल’ म्हणजे मेंढा, आणि त्यावरून मेंढ्याच्या शिंगाचे रणशिंग. आपल्या मराठी बायबलात ‘योबेल’ हाच शब्द ठेविला आहे. लॅटिनमध्ये हर्षाने आरोळी देणे या अर्थाचा एक निराळाच शब्द आधीपासून होता. बायबलाचे लॅटिन भाषांतर झाले तेव्हा या दोन शब्दांचा ध्वनी जुळला, आणि हिब्रू शिंगात लॅटिन आरोळी मिसळून गेली. तेव्हापासून या शब्दात आनंदाचा अंश आहे. तो अंश खोटा नाही. पण तो मागाहून आलेला आहे.

मूळ अर्थ लेवीय पुस्तकाच्या पंचविसाव्या अध्यायात आहे. सात वेळा सात, अशी एकोणपन्नास वर्षे मोजावी, आणि पन्नासावे वर्ष पवित्र मानावे. त्या वर्षी गहाण पडलेली, विकली गेलेली वडिलोपार्जित जमीन मूळ कुटुंबाकडे परत जावी. दारिद्र्यामुळे ज्याने स्वतःस विकले, त्याने आपल्या मुलाबाळांसह मोकळे होऊन घरी परतावे. आणि भूमीसही विश्रांती मिळावी. हे सर्व का? तर भूमीचा खरा धनी परमेश्वर आहे, माणूस तेथे केवळ पाहुणा व कूळ आहे, म्हणून.

या नियमातील एक बारकावा आपण धानाच्या मुलखातील माणसांनी विशेष लक्षात घ्यावा. तेथे जमिनीची किंमत ठरविताना पुढच्या योबेल वर्षास किती पिके उरली ते मोजीत. पुष्कळ वर्षे उरली असतील तर किंमत अधिक, थोडी उरली असतील तर कमी. म्हणजे विकणारा माणूस बांधी विकीत नसे. बांधीतील तितक्या वर्षांचे पीक विकीत असे. बांधी त्याचीच राही. बाप कर्जात बुडाला तरी नातवाच्या हाती नांगर परत यावा, अशी ही योजना होती.

आणखी एक गोष्ट. ते रणशिंग नववर्षाच्या सणास फुंकावयाचे नव्हते. ते फुंकावयाचे प्रायश्चित्ताच्या दिवशी. आधी पापांची कबुली, मग शिंगाचा नाद, मग बंदिवानाचे घरी परतणे, हा क्रम आहे. आपण मात्र पुष्कळदा बँडवाल्यापासून आरंभ करितो.

आता हा शब्द पुढे कोठकोठे फिरला ते पाहू. इ. स. १३०० मध्ये पोप आठवे बोनिफास यांनी रोम येथे पहिले पवित्र वर्ष पाळले आणि यात्रेकरूंना पापाच्या दंडाची क्षमा जाहीर केली. ते शंभर वर्षांतून एकदा यावे असे ठरले होते. परंतु १३५० साली दुसरे आले, आणि १४७५ पासून पंचवीस वर्षांचा क्रम रूढ झाला. २०२५ चे पवित्र वर्ष त्याच परंपरेतील. येथे जमिनीचे व ऋणाचे परत करणे मागे पडले, आणि आत्म्याच्या ऋणाची सुटका पुढे आली. तथापि सुटकेचा अर्थ शाबूत राहिला. इ. स. २००० च्या ज्युबिलीनिमित्त पोप दुसरे जॉन पॉल यांनी तर दरिद्री राष्ट्रांच्या डोक्यावरील कर्ज कमी करण्याचे आवाहन करून मूळ अर्थ पुन्हा जगापुढे मांडिला.

अमेरिकेतील गुलामांनी हा शब्द बायबलातूनच उचलला. त्यांच्या मुखी ज्युबिली म्हणजे मुक्तीचा दिवस. १८७१ साली नॅशव्हिल येथील फिस्क विद्यापीठाचे विद्यार्थी आपल्या संस्थेसाठी निधी जमविण्यास गात निघाले. त्यांतील बहुतेक गुलामीतून सुटलेले होते. त्यांनी आपल्या मेळ्यास ‘ज्युबिली सिंगर्स’ असे नाव घेतले. १८७३ साली हा मेळा इंग्लंडात राणी व्हिक्टोरियासमोर गायिला.

योगायोग पहा. त्याच राणीने पुढे या शब्दास निराळेच वळण दिले. १८८७ साली तिच्या राज्यारोहणास पन्नास वर्षे झाली, तेव्हा गोल्डन ज्युबिली झाली. १८९७ साली साठ वर्षे झाली, तेव्हा डायमंड ज्युबिली. आता ज्युबिली म्हणजे कोणाची सुटका नव्हे, तर सिंहासनावर बसून झालेल्या वर्षांची मोजणी. १८८७ सालीच मुंबईत ‘व्हिक्टोरिया ज्युबिली टेक्निकल इन्स्टिट्यूट’ स्थापन झाली. (आपला नागपूर धर्मप्रांतही त्याच साली निर्माण झाला, हे जाता जाता सांगतो.) १९९७ मध्ये त्या संस्थेस वीरमाता जिजाबाईंचे नाव देण्यात आले, इंग्रजी आद्याक्षरे तीच राहिली, परंतु ज्युबिली गेली आणि जिजाबाई आल्या.

१८९७ ची ज्युबिली तर महाराष्ट्र विसरू शकत नाही. त्या वर्षी पुण्यात प्लेगचा हाहाकार होता, आणि आपल्या मध्यप्रांतावर भीषण दुष्काळ होता. २२ जूनच्या रात्री गणेशखिंड येथील सरकारी बंगल्यात ज्युबिलीचा समारंभ झाला. तेथून परतताना प्लेग अधिकारी रँड याच्यावर चापेकर बंधूंनी गोळी झाडली. रँडबरोबर आयर्स्ट नावाचा दुसरा अधिकारीही मारला गेला. हत्येचे समर्थन धर्मगुरूने करावयाचे नसते, आणि मी ते करीत नाही. मी इतकेच म्हणतो की, ज्या ज्युबिलीत दीपमाळा असतात पण कोणाचे ओझे उतरत नाही, ती भुकेल्या व भयभीत लोकांस सण वाटत नाही, हिणविणे वाटते.

पुढे हा शब्द चित्रपटगृहात शिरला. पंचवीस आठवडे चित्रपट चालला की सिल्व्हर ज्युबिली. ‘सोंगाड्या’पासून (१९७१) दादा कोंडके यांच्या एकामागून एक चित्रपटांनी रौप्यमहोत्सव केले, हे आपणांपैकी प्रौढांस माझ्याहून अधिक ठाऊक असेल! येथे वर्षांचे आठवडे झाले, पण मोजणी तीच. आपल्या मराठीने या शब्दासाठी रौप्यमहोत्सव, सुवर्णमहोत्सव, हीरकमहोत्सव, अमृतमहोत्सव असे सुंदर प्रतिशब्द घडविले. परंतु नीट पाहिले तर त्या सर्वांत धातू आहे, रत्न आहे, उत्सव आहे. शिंगही नाही आणि सुटकाही नाही. आपला गोंदिया जिल्हा १ मे १९९९ रोजी भंडाऱ्यापासून वेगळा झाला, आणि २०२४ साली त्याची पंचविशी झाली. ही मोजणी वाईट नव्हे. कृतज्ञ माणसाने वर्षे मोजावीत. पण आजीचा प्रश्न राहतोच : भरल्यावर काय होते?

एका चित्रपटाचा मात्र मी मुद्दाम उल्लेख करितो. १९३६ साली प्रभात कंपनीचा ‘संत तुकाराम’ मुंबईत प्रदर्शित झाला आणि एकाच चित्रपटगृहात वर्षाहून अधिक काळ चालला. ज्याच्या चरित्रावर हा चित्रपट होता, त्या तुकोबांच्या घरी पिढीजात सावकारी होती. परंपरा सांगते की, दुष्काळ पाहिल्यानंतर त्यांनी कर्जखतांच्या वाटण्या केल्या, धाकट्या भावाचा वाटा त्याच्या हवाली केला, आणि स्वतःच्या वाट्याची खते इंद्रायणीत बुडविली. भावाचा हक्क त्यांनी बुडविला नाही. फक्त स्वतःचा बुडविला. बंधुभगिनींनो, तुकोबांनी ज्युबिली हा शब्द कधी ऐकला नसेल. पण योबेल वर्षाचा अर्थ त्यांनी देहूच्या घाटावर करून दाखविला.

आपल्या मुलखातही त्या अर्थाची एक खूण आहे. मालगुजारी नाहीशी करणारा कायदा १९५० साली झाला व १९५१ पासून अंमलात आला. तेव्हा भंडारा जिल्हा मध्यप्रदेशात होता. ज्या तलावांवर आपल्या बांध्या भिजतात, ते मालगुजारांच्या हातून सुटले. म्हणूनच त्यांस ‘माजी मालगुजारी’ किंवा थोडक्यात ‘मामा तलाव’ म्हणतात. त्या ‘माजी’ या लहानशा शब्दात योबेलच्या शिंगाचा थोडा नाद मला ऐकू येतो.

येथे कोणी विचारील, “फादर, सर्वच ऋणे सोडली तर उद्या कोण कोणास उसने देईल?” शंका रास्त आहे आणि जुनीही आहे. ऋणमुक्तीचे वर्ष जवळ आले म्हणून गरिबास देण्यास हात आखडू नये, असा इशारा अनुवादाच्या पुस्तकातच दिला आहे. म्हणजे हात आखडणारे तेव्हाही होते. योबेलचा नियम इस्राएलात कधी संपूर्णपणे पाळला गेला, याचा पुरावाही इतिहासात मिळत नाही. परंतु नासरेथच्या सभास्थानात प्रभू येशूने यशयाचे पुस्तक उघडले, दीनांस शुभवार्ता आणि बंदिवानांस मुक्तता सांगणारा भाग वाचिला, आणि हे वचन आज पूर्ण झाले, असे म्हटले. त्या दिवसापासून योबेल हे पन्नास वर्षांनी यावयाचे वर्ष राहिले नाही. ‘आज’ हेच त्याचे वर्ष झाले. म्हणून बँकेचे व सोसायटीचे कर्ज फेडू नका, असे मी सांगत नाही. ते प्रामाणिकपणे फेडावे. मी इतकेच सांगतो की, प्रत्येकाच्या मुठीत असे काहीतरी असते, जे सोडण्याचा अधिकार त्याचा एकट्याचा असतो.

आता माझ्या मुठीत काय होते, ते सांगणे माझे कर्तव्य आहे.

माझ्या मेजाच्या खणात एक वही आहे. प्रत्येक कुटुंबाने धर्मग्रामास द्यावयाची वार्षिक वर्गणी आणि तिची बाकी तीत लिहिलेली आहे. ज्युबिलीचा खर्च जवळ आला तेव्हा मी ती वही काढिली आणि बाकीदारांस निरोप धाडिले. एका कुटुंबाकडे सात वर्षांची बाकी होती. माझा निरोप गेल्यावर ते कुटुंब रविवारच्या मिस्सेस येईनासे झाले. मला वाटले, मजुरीस परगावी गेले असतील. पुढे कळले की ते गावातच होते. घरातील बाई म्हणाली होती, “फादरच्या समोर कोन्त्या तोंडानं जावं?”

बंधुभगिनींनो, प्रभूच्या मेजापासून माणसास दूर ठेवणारी ती भिंत मी बांधिली होती, आणि तीही ज्युबिलीच्या नावाने! पुण्याच्या त्या समारंभास नावे ठेवण्याचा मला काय अधिकार? मी त्या घरी गेलो आणि क्षमा मागितली. त्यांनी मजपुढे चहाचा कप ठेविला. मला त्याहून अधिक मिळावयास नको होते. गेल्या रविवारी ते सहकुटुंब मागच्या बाकावर होते.

यास्तव धर्मग्रामाच्या समितीच्या संमतीने मी जाहीर करितो की, आजवरची सर्व बाकी रद्द झाली आहे. उद्या अर्पणाच्या वेळी ती वही वेदीजवळ ठेविली जाईल, आणि मिस्सा संपल्यावर जाळली जाईल. नवी वही नव्या वर्षापासून सुरू होईल. ज्यास जे जमेल ते त्याने द्यावे. देणगीदारांची यादी या पुस्तिकेत छापावयाची होती. तीही समितीने काढून टाकिली आहे. कोणाची रक्कम मोठी व कोणाची लहान, हे परमेश्वरास ठाऊक आहे, तेवढे पुरे.

माझे मी सांगितले. तुमचे तुम्ही जाणता. कोणाच्या घरी दुबळ्या शेजाऱ्याने उसन्या नेलेल्या धानाचा हिशेब सवाई-दिढीने वाढत असेल. कोणी धाकट्या भावाची बांधी धुऱ्यासकट आपल्याकडे ओढून घेतली असेल. कोणी विधवा वहिनीचा दागिना ‘सांभाळण्यास’ म्हणून ठेविला असेल. कोणी दहा वर्षांपूर्वीचा एक शब्द मनात व्याजासह जपून ठेविला असेल. उद्या सकाळी मिस्सेस येण्यापूर्वी यांपैकी एक गोष्ट परत करा. एकच करा, पण खरोखर करा. पापनिवेदनासाठी मी आज रात्री येथेच बसणार आहे, कारण शिंगाच्या आधी प्रायश्चित्त येते.

मग उद्याचा बँड वाजू द्या, पताका फडकू द्या, आणि भोजनही मनसोक्त होऊ द्या. ज्याचे ओझे उतरले त्याने आनंदाची आरोळी दिली तर ती शोभते. आणि ती आजी जर पुन्हा विचारील की, भरल्यावर काय होते, तर आपणांपैकी कोणासही सांगता यावे : “आजी, भरल्यावर ज्याचे त्याला परत जाते.”

परमेश्वर तुम्हां सर्वांस आशीर्वाद देवो. आमेन.