दमणच्या धावपट्टीवरून



घोडेगावच्या बाजारातून कांद्याच्या गाड्या भरून निघतात. त्यातला काही कांदा न्हावा-शेव्याच्या बंदरातून जहाजानं परदेशी जातो. म्हणून समुद्र आपला नाही, असं कुणी समजू नका. त्या सागरी वाटांवर आकाशातून नजर ठेवतात तटरक्षक दलाचे हवाई तळ. दमणच्या तळावर मी विमानांची देखभाल केली, तेव्हा दमणचंच सांगतो.

तिथली मूळ धावपट्टी पोर्तुगीजांची. १८ डिसेंबर १९६१च्या पहाटे मराठा लाइट इन्फंट्रीच्या पहिल्या बटालियननं दमणवर चढाई केली आणि दुसऱ्या दिवशी पोर्तुगीज शरण आले. आपल्या जवानांनी सोडवलेल्या त्या भूमीवर काम करताना माझी छाती भरून यायची.

पुढं पश्चिम किनाऱ्यावर सोन्याची तस्करी वाढली. १९७४ मध्ये समुद्रातल्या बॉम्बे हायला तेल सापडलं. एवढी राखण एकट्या नौदलानं किती करायची? १९७७ मध्ये तटरक्षक दल उभं राहिलं, १९७८ मध्ये त्याचा कायदा झाला. १९८२ मध्ये गोव्यात चेतक हेलिकॉप्टरांची पहिली तुकडी आली आणि १९८७ मध्ये दमणचा तळ रीतसर सुरू झाला.

तळ म्हटलं की तुम्हाला वैमानिक दिसतो. मला हँगर दिसतं. समुद्रावरून आलेल्या डॉर्नियर विमानावर खारा थर बसतो. तो गोड्या पाण्यानं धुतला नाही, तर गंज धातू पोखरतो. काम सुरू करताना पाने, पेचकस मोजून घ्यायचे आणि संपल्यावर मोजूनच परत ठेवायचे. एक पाना कमी भरला, तर तो सापडेपर्यंत विमान उडत नाही. मग बाहेर कितीही घाई असो. या शिस्तीवर वर बसलेल्यांचे प्राण अवलंबून असतात.

वादळाची सूचना आली की हीच विमानं समुद्रावर फिरून मच्छीमारांना रेडिओवरून बंदराकडं परतायला सांगतात. कुणी बुडत असेल, तर वरून तराफा टाकतात. १९९९ मध्ये चाच्यांनी ‘अलोंड्रा रेनबो’ हे जपानी मालकीचं जहाज पळवलं आणि त्याचं नावही बदललं. तरी तटरक्षक दलाच्या डॉर्नियरनं ते हेरलं. दलाची ‘ताराबाई’ आणि नौदलाची ‘प्रहार’ या नौकांनी पाठलाग करून ते पकडलं. त्याच ‘ताराबाई’च्या वर्गातल्या एका नौकेला अहिल्याबाईंचं नाव दिलं होतं. आपल्या चोंडीत जन्मलेल्या लेकीचं नाव समुद्रावर गेलं, हे मी मुद्दाम इथं सांगतो आहे.

आता कामाचं. दहावीनंतर मेकॅनिकल, इलेक्ट्रिकल किंवा इलेक्ट्रॉनिक्सची पदविका केलेल्यांना ‘यांत्रिक’ पदाची वाट आहे. बारावीला गणित आणि भौतिकशास्त्र असेल, तर ‘नाविक’ होता येतं. पदवीनंतर अधिकारी होता येतं. मुलींनो, तुमच्यासारख्या मुलीही तिथं अधिकारी आणि वैमानिक झाल्या आहेत. जाहिरातीतल्या वयाच्या आणि गुणांच्या अटी नीट वाचा. नुसती ऐकीव माहिती धरून बसू नका. बक्षीस समारंभ झाल्यावर मी मुख्याध्यापकांच्या खोलीत थांबणार आहे. ज्यांना विचारायचं आहे त्यांनी आई-वडिलांना घेऊन या.