चौकटीबाहेरचा आवाज



आज अलेक्झांडर क्लूगे यांच्याविषयी बोलायचंय. शिक्षणानं वकील, फ्रँकफर्टला तत्त्वज्ञ अडोर्नोंच्या सहवासात घडलेले, आणि १९६२ साली ओबरहाउझनच्या जाहीरनाम्यावर सही करून जर्मन सिनेमाची जुनी वाट नाकारणाऱ्या तरुणांपैकी एक. पण त्यांचे चित्रपट आज बाजूला ठेवू. माझा जीव अडकलाय तो त्यांच्या टेलिव्हिजनवरच्या मुलाखतींत.

जर्मनीत खासगी वाहिन्या आल्या, तेव्हा स्वतंत्र निर्मात्यांसाठी काही वेळ राखून ठेवणं त्यांना भाग होतं. क्लूगेंनी १९८७ मध्ये स्वतःची कंपनी काढून ती रात्रीची वेळ मिळवली. जाहिराती आणि करमणुकीच्या मधोमध मार्क्स, ऑपेरा, स्टालिनग्राड!

या मुलाखतींत क्लूगे सहसा दिसत नाहीत. कॅमेरा पाहुण्याच्या चेहऱ्यावर खिळलेला, आणि बाजूनं येतो तो मऊ, जवळजवळ कुजबुजता, उत्सुक आवाज. मध्येच ‘हं’, मध्येच अर्धा प्रश्न, कधी पाहुण्याचंच वाक्य पुढे नेणं. पेटीवाला गायकाच्या मागोमाग जातो आणि हळूच पुढचा सूर दाखवतो ना, अगदी तसं. आपल्याला तत्त्वज्ञान शिकवलं जातंय असं वाटतच नाही. समोर एक माणूस विचार करताना दिसतो, एवढंच.

नाटककार हाइनर म्युलर यांच्याशी झालेल्या त्यांच्या गप्पा मला सगळ्यांत प्रिय. शेवटच्या काळात, कर्करोगाच्या शस्त्रक्रियेनंतर, म्युलरांचा आवाज पार बसला होता. तरी क्लूगे त्यांच्याशी मृत्यूबद्दल बोलतात, तेही कुतूहलानं. कीव कुठेच नाही. म्युलर थांबतात, शब्द शोधतात. ती शांतता क्लूगे कापत नाहीत. १९९५ च्या अखेरीस म्युलर गेले. ते थांबणं मात्र त्या चित्रफितींत जसंच्या तसं राहिलं आहे.

आपल्याकडच्या चर्चांत पाहुण्यानं श्वास घेतला रे घेतला की निवेदक पुढचा प्रश्न फेकतो. मला ते सहन होत नाही. विचार तर त्या श्वासातच तयार होत असतो.

क्लूगेंच्या बऱ्याच मुलाखती अमेरिकेतल्या कॉर्नेल विद्यापीठानं इंग्रजी भाषांतरासह इंटरनेटवर ठेवल्या आहेत. म्युलरांपासून सुरुवात करा. पहिल्यांदा पाहताना अर्थामागे फार धावू नका. प्रश्न नेमका कुठे संपतो आणि उत्तर कुठे सुरू होतं, तेवढंच ऐका. बऱ्याचदा ते सांगता येणार नाही.