नातवाच्या योद्ध्याचा हिशेब

(रौप्यमहोत्सवी स्नेहसंमेलनात केलेले भाषण)



दर रविवारी आपल्या हॉलमध्ये मुलं फासे टाकत बसतात, तो जुगार नव्हे. दोघातिघांनी माझ्याकडे चौकशी केली, म्हणून सांगतो. ‘डन्जन्स अँड ड्रॅगन्स’ हा खेळ अमेरिकेत १९७४ साली गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन यांनी काढला. एक जण गोष्ट चालवतो, बाकीचे त्यातली पात्रं होतात. ताकद, चपळाई, दमखम, बुद्धी वगैरे सहा गुणांचे आकडे प्रत्येकाने कागदावर मांडायचे.

माझ्या नातवाने कागद सोडून एक्सेल धरलं. लेव्हल वाढली की आकडे आपोआप बदलतात. मला म्हणाला, “आजोबा, जरा चेक करता का?” जन्मभर लेजर तपासलेल्या माणसाला हे विचारायचं!

नियम असा: गुणातून १० वजा करा, दोनने भागा, अपूर्णांक आला तर खालचा पूर्णांक घ्या. त्याच्या योद्ध्याचा दमखम ९. म्हणजे उणे अर्धा, खालचा पूर्णांक उणे १. शीट दाखवत होती शून्य. त्याने राउंडडाउन वापरलं होतं; ते शून्याच्या दिशेने जातं. तिथे आयएनटी हवं. आकडा दहाच्या वर असेल तर दोन्ही सारखंच उत्तर देतात, म्हणून चूक लपून राहिली.

फरक एकाचाच. पण हा आकडा दर लेव्हलला हिट पॉइंटमध्ये, म्हणजे अंगातल्या जीवात, धरतात. योद्धा पाचव्या लेव्हलचा. ५ पॉइंट फुकटचे! आणि मागच्या लढाईत तो ३ पॉइंटवर वाचला होता.

पोरगं गप्पच झालं. दोन वर्षं जपलेला योद्धा. मग हळूच म्हणालं, “कुणाला कळणार नाही, आजोबा.” मी काही बोललो नाही. सोळा पैशांच्या फरकासाठी आम्ही ब्रँचमध्ये रात्री अकरापर्यंत बसलो होतो, ते सांगायचा मोहही आवरला. लॅपटॉप त्याच्याकडे सरकवला.

रविवारी मी मुद्दाम हॉलमध्ये पेपर घेऊन बसलो. त्याने सगळ्यांसमोर चूक सांगितली. तासभर चर्चा झाली, आपल्या एजीएमपेक्षा शिस्तीत! ठरलं असं की झालेली लढाई खोडायची नाही, योद्धा जिवंत. मात्र आजपासून ५ पॉइंट कमी. खाडाखोड नाही, आजच्या तारखेला दुरुस्तीची नोंद. बँकेत आम्ही वेगळं काय करत होतो?

आता बाकीच्या मुलांनीही आपापल्या शीट माझ्याकडे दिल्या आहेत. दोन तपासायच्या राहिल्यात. तेव्हा रविवारी हॉलचे दिवे नऊच्या आत बंद करू नयेत, एवढी कमिटीला विनंती.