कालनिर्णयाच्या चौकोनातली साखर

घाटकोपरच्या चाळीतले आमचे काका रक्तातली साखर कालनिर्णयाच्या चौकोनात लिहीत: उपाशीपोटी 142, जेवणानंतर 210. जानेवारीत कॅलेंडर रद्दीत गेलं की नोंदीही गेल्या! आता लेकीने नोंदींसाठी फोनवर ॲप बसवून दिलंय. रात्री नऊला गोळीची घंटा वाजते, डॉक्टरांना तीन महिन्यांचा आलेख दिसतो. 2021च्या आयुष्मान भारत डिजिटल मिशनमधला 14 आकडी ‘आभा’ क्रमांक काढला, तर जोडलेल्या दवाखान्यांचे रिपोर्टही फोनवर मिळतात. मात्र कॅमेऱ्यावर बोट ठेवून रक्तदाब सांगणाऱ्या ॲपवर विसंबू नका. दंडाला पट्टा हवाच. काका रक्तदाब मोजण्याआधी पाच मिनिटं गप्प बसतात. चहा मोजणी झाल्यावरच मिळतो, हा काकूंचा नियम.