नकली हत्यार आणि पगारातली वसुली

(कोलकाता येथे रेल्वे व टपाल खात्यातील मराठी कामगारांपुढे केलेले भाषण)



इंजिनाचे ट्यूनिंग करण्याची हत्यारे अस्सल घ्यावीत की नकली, हा प्रश्न दुकानदार आणि गिऱ्हाईक यांच्यातला वाटतो. पण टपाल खात्याच्या मेल मोटर सर्व्हिसमधला मेकॅनिक असो की रेल्वेच्या मोटारगाड्या सांभाळणारा फिटर असो, त्याच्या पगाराशी या प्रश्नाचा थेट संबंध आहे.

येथून जवळच, उत्तरपाड्याला अँबॅसिडर तयार होत असे. तो कारखाना मे २०१४ मध्ये बंद पडला. त्या गाडीचे ट्यूनिंग म्हणजे फीलर गेजने टॅपेटची आणि पॉइंटची फट मोजणे, प्लग साफ करणे आणि कार्बोरेटरचा स्क्रू फिरवत इंजिनाचा आवाज ऐकणे. गेज खोटा निघाला तरी जाणता मिस्त्री कानाने चूक पकडी. आता १ एप्रिल २०२० पासून देशभर भारत स्टेज ६ लागू आहे. इंधन किती आणि केव्हा सोडायचे हे इंजिनातला कॉम्प्युटर ठरवतो. त्याची माहिती यंत्रच वाचून दाखवते. ते यंत्र खोटे बोलले तर नुसता कान पुरत नाही.

मल्लिक बाजारात जा की मुंबईत कुर्ल्याला, ‘ओरिजिनल हवे की डुप्लिकेट?’ हा प्रश्न ओळखीचा आहे. एक उदाहरण घ्या. कॅनडातील एल्म इलेक्ट्रॉनिक्सने ‘ईएलएम ३२७’ नावाची चिप काढली. पहिल्या आवृत्तीतील प्रोग्रॅमला कुलूप नव्हते, म्हणून जगभर तिच्या नकला निघाल्या. कित्येक नकलांवर ‘आवृत्ती १.५’ असे छापलेले असते. मूळ कंपनीने ती आवृत्ती कधी काढलीच नाही! ती कंपनी २०२२ मध्ये बंद झाली, तरी तिच्या चिपचे नाव बाजारात चालूच आहे.

नुसता दोष वाचणारे यंत्र नकली असेल तर फार तर चुकीचा भाग बदलला जाईल. कॉम्प्युटरमध्ये नवी माहिती लिहिणारे यंत्र नकली असेल, तर धोका मोठा. लिहिताना मध्येच संपर्क तुटला किंवा बेरजेचा ताळा चुकला, की गाडी जागच्या जागी मरते. म्हणून लिहिणाऱ्या यंत्रात तडजोड नको.

ओळखायचे कसे? अस्सल यंत्र कंपनीकडे नोंदवता येते, त्याचा क्रमांक पडताळता येतो, सुधारणा मिळतात. ‘इंटरनेटला जोडू नका, अपडेट करू नका’ असे विकणाराच सांगू लागला, तर माल नकली समजावा. पक्के बिल मागावे. टॉर्क पान्याचे कॅलिब्रेशन प्रमाणपत्र पाहावे. साधारणपणे बारा महिन्यांनी किंवा ५,००० वेळा वापरल्यावर, जे आधी होईल तेव्हा, तो पुन्हा तपासून घ्यायचा असतो.

आता मुख्य मुद्दा. गाडी बिघडली की चौकशी हत्यार हाती धरणाऱ्याची होते. केंद्रीय नागरी सेवा (वर्गीकरण, नियंत्रण व अपील) नियम १९६५ मधील नियम ११ प्रमाणे हलगर्जीपणाने झालेले नुकसान पगारातून वसूल करता येते. रेल्वेच्या १९६८ च्या शिस्त व अपील नियमांतही अशीच तरतूद आहे. पण हत्यार निवडले कोणी? सर्वसाधारण वित्तीय नियम २०१७ मधील नियम १५४ प्रमाणे, कोटेशनशिवाय छोटी खरेदी करताना अधिकाऱ्याला लिहून द्यावे लागते की माल योग्य दर्जाचा आहे, विश्वासू पुरवठादाराकडून घेतला आहे आणि भाव रास्त आहे. ही सही त्याची आहे, तुमची नव्हे.

तेव्हा चार गोष्टी करा. हत्यार हाती येताच त्याचा क्रमांक नोंदवहीत लिहा. शंका असेल तर लेखी कळवा आणि पोच घ्या. तोंडी तक्रार चौकशीत टिकत नाही. अडले म्हणून स्वतःच्या खिशातून स्वस्त यंत्र आणून खात्याच्या गाडीला लावू नका. बिघाड झाला तर तेच तुमच्याविरुद्ध पुरावा ठरेल. आणि शाखेच्या बैठकीत मागणी मांडा की हत्यारांचे तपशील ठरवताना वर्कशॉपमधल्या कारागिराचे मत घेतले जावे. कमीत कमी दराचे टेंडर मंजूर करणाऱ्याने त्या दराची जबाबदारीही घेतली पाहिजे.

चांगले हत्यार ही कारागिराची चैन नाही, तो त्याच्या कामाचा हक्क आहे. तो मिळवायचा तर एकेकट्याने कुरकुरून भागणार नाही.

कामगार एकजुटीचा विजय असो!