पदवीनंतरचा खेळ
(शिरूर व दौंड तालुक्यांतील महाविद्यालयीन खेळाडूंपुढे शिरूर येथे केलेले भाषण)



आज पारितोषिके स्वीकारणाऱ्यांपैकी बहुतेकांचा खेळ पदवी हाती पडताच थांबेल. हे कटू असले तरी सत्य आहे. मग इतक्या वर्षांच्या घामाचे पुढे काय करायचे?

बास्केटबॉलचा जनक जेम्स नेस्मिथ. १८९१ साली अमेरिकेत त्याने हा खेळ निर्माण केला आणि पुढे तो कॅन्सस विद्यापीठात दाखल झाला. तेथील त्याचा खेळाडू फॉग ॲलन प्रशिक्षक व्हायला निघाला, तेव्हा हा खेळ शिकवायचा नसतो, खेळायचा असतो, असे नेस्मिथने त्याला बजावल्याची आख्यायिका आहे. शिष्याने ऐकले नाही. त्याच विद्यापीठाचे संघ त्याने एकोणचाळीस हंगाम घडविले आणि बास्केटबॉल प्रशिक्षणाचा जनक ही ख्याती मिळविली.

असेच एक उदाहरण आपल्या महाराष्ट्रातले आहे, आणि ते आपल्याला अस्वस्थ करणारे आहे. कबड्डी ही आपली. १९३६ साली अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाने बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी तिचे प्रात्यक्षिक घडविले. आशियाई स्पर्धांत २०१० साली महिलांची कबड्डी आली. तेव्हाचे आणि २०१४ चे सुवर्णपदक भारताचेच. २४ ऑगस्ट २०१८ रोजी मात्र जकार्तात अंतिम सामन्यात इराणच्या मुलींनी आपल्याला २७-२४ असे हरविले. त्या मुलींच्या प्रशिक्षिका होत्या नाशिकच्या शैलजा जैन!

स्वतः कबड्डी खेळलेल्या शैलजाताईंनी अनेक वर्षे महाराष्ट्रात खेळाडू घडविले. भारतीय संघाला शिकवावे ही त्यांची इच्छा होती. ती संधी मिळाली नाही. इराणने बोलावले, त्या गेल्या. देश परका, भाषा परकी. स्वतः शाकाहारी, त्यामुळे जेवणाचीही पंचाईत. तरीही त्यांनी फारसी शिकून घेतली आणि सरावात योग व प्राणायाम आणला. कबड्डी हा श्वासाचा खेळ आहे. दम टिकला तरच चढाई टिकते.

मग हा स्वदेशाशी द्रोह म्हणावा काय? मुळीच नाही. विद्या दिल्याने कमी होत नाही, आणि शिष्याच्या विजयासाठी झटणे हाच गुरूचा धर्म. त्या दिवशी भारतीय म्हणून त्यांना वाईट वाटले, प्रशिक्षिका म्हणून समाधान झाले. दोन्ही भावना खऱ्या होत्या. प्रश्न आपणच आपल्याला विचारायचा आहे: जी योग्यता तेहरानला दिसली, ती आपल्याला का दिसली नाही? विजयी खेळाडूंच्या आपण मिरवणुका काढतो. त्यांना घडविणारा मात्र बहुधा गर्दीत मागेच उभा असतो.

पुढे ऑक्टोबर २०२३ मध्ये हांगझोऊ येथे आपल्या मुलींनी सुवर्ण परत आणले. अंतिम सामन्यात चिनी तैपेईवर २६-२५, अवघ्या एका गुणाने. म्हणजे खेळ आपला असला, तरी पदक कोणी आपल्यासाठी राखून ठेवलेले नाही. ते दर वेळी मेहनतीनेच मिळवावे लागेल.

ही मेहनत सुरू कोठून होणार? १९९४ च्या राष्ट्रीय क्रीडास्पर्धांसाठी बालेवाडीला भव्य संकुल उभे राहिले. परंतु घोडनदीकाठच्या किंवा भीमाकाठच्या खेड्यातली बारा वर्षांची मुलगी पहिली चढाई बालेवाडीत करीत नाही. ती शाळेच्या मैदानावर, फक्कीने आखलेल्या रेषांमध्ये करते. त्या रेषा आखणारा कोणीतरी असावा लागतो. दम कसा राखावा, पडताना गुडघा कसा वाचवावा, हरल्यावर घरी जाताना मान कशी ताठ ठेवावी, हे सांगणारा कोणीतरी असावा लागतो.

तो ‘कोणीतरी’ तुम्ही व्हावे, एवढेच मागणे आहे. ज्यांना जमेल त्यांनी पतियाळाच्या राष्ट्रीय क्रीडा संस्थेतून रीतसर प्रशिक्षण घ्यावे. ज्यांना नोकरी-शेती सांभाळायची आहे, त्यांनी आठवड्यातले दोन तास आपल्या गावच्या शाळेला द्यावेत. आणि पालकहो, असा तरुण मैदानावर दिसला, तर ‘हा रिकामा दिसतो’ असे म्हणू नका. आपली मुलगी त्याच्या स्वाधीन करा, आणि ती जिंकेल तेव्हा पहिला हार त्याच्या गळ्यात घाला.