शेत एक, घरं तीन



रात्री साडेनऊला आमच्या घरी पाण्याची पाळी सुरू होते. मी साताऱ्यात, दादा नागपुरात आणि दादाची मुलगी, म्हणजे माझी भाची, पुण्याला होस्टेलवर. तिघं तीन गावांत बसून एकाच रानाला पाणी घालतो. दादा तळ्याकडची बाजू बघतो, भाची खुराड्याचं दार उघडून कोंबड्या सोडते आणि मी झारी घेऊन वाफ्यांमधून फिरते. हे शेत संगणकाच्या पडद्यावरचं आहे. खेळाचं नाव ‘स्टारड्यू व्हॅली’.

रेडिओवर चित्र दाखवता येत नाही, म्हणून आधी ते रान तुमच्यासमोर उभं करते. आजोबांनी नातवंडासाठी ठेवलेली जमीन आहे. वर्षानुवर्षं पडीक. दगड, तण, वाळकी लाकडं. कुदळीने एकेक चौकोन उकरायचा, बी टाकायचं, पाणी द्यायचं. पहिल्या दिवशी घरात भेट म्हणून 15 बिया मिळतात, पार्सनिपच्या. पार्सनिप म्हणजे गाजराच्या कुळातला एक पांढरा कंद. गाठीला 500 नाणी असतात. ऋतू चार, प्रत्येक 28 दिवसांचा. दिवस सकाळी सहाला उजाडतो आणि रात्री दोनला संपतो. आपल्या घड्याळाने त्याला जेमतेम 14 मिनिटं लागतात.

एरिक बरोन नावाच्या अमेरिकन तरुणाने हा खेळ एकट्याने केला. प्रोग्राम त्याचा, चित्रं त्याची, संगीतही त्याचंच. साडेचार वर्षं राबून 26 फेब्रुवारी 2016 रोजी त्याने तो लोकांपुढे ठेवला. त्याच्यासमोर नमुना होता 1996 सालचा एक जपानी खेळ, जगात ‘हार्वेस्ट मून’ म्हणून गाजलेला. तो करणाऱ्या यासुहिरो वादा यांचं लहानपण खेडेगावात गेलं आणि पुढे नोकरीसाठी ते टोकियोत आले. गाव सोडून शहरात आलेल्या माणसाला गावाची सय येते, त्या सयीतून हा खेळाचा प्रकार जन्मला. मला हे कळलं तेव्हा फार जवळचं वाटलं. आमच्या घरातही शेत आता सात-बाराच्या उताऱ्यापुरतं उरलं आहे.

बरोनचा खेळ सुरुवातीला एकट्यानेच खेळायचा होता. सोबतीने खेळायची सोय संगणकावर 1 ऑगस्ट 2018 रोजी आली. तेव्हा एका शेतावर चौघं राहू शकत. 2024 च्या मार्चमधल्या 1.6 या आवृत्तीपासून संगणकावर आठ जणांपर्यंत जमतं. आज मला बोलायचं आहे ते या सोबतीच्या मांडणीबद्दल. कारण बटणं दाबून शेत सुरू करणं दहा मिनिटांचं काम आहे. खरी मांडणी त्याच्या आधी व्हायला हवी, आणि आम्ही ती केली नव्हती.

बटणांचं थोडक्यात सांगते. नवीन शेत सुरू करताना किती केबिन हव्यात ते विचारलं जातं. केबिन म्हणजे खोपटं. येणाऱ्या प्रत्येक माणसाला स्वतःचं खोपटं लागतं, त्याशिवाय त्याला शेतावर पाय ठेवता येत नाही. ही खोपटं जवळजवळ हवीत की लांब लांब, तेही तिथेच ठरतं. शेत आधीपासून चालू असेल तर गावातल्या रॉबिन या सुतारकाम करणाऱ्या बाईंकडे जायचं आणि 100 नाणी व थोडं दगड-लाकूड देऊन खोपटं बांधून घ्यायचं. मग शेत उघडणाऱ्याने मेनूतून आमंत्रणाचा कोड घ्यायचा आणि बाकीच्यांना फोनवर कळवायचा. त्यांनी आपापल्या संगणकावर ‘को-ऑप’ या भागात जाऊन तो कोड टाकायचा. सगळ्यांकडे खेळाची आवृत्ती एकच हवी. आणि सगळ्यांचं यंत्रही एका जातीचं हवं: कन्सोलवाला संगणकवाल्याच्या शेतावर येऊ शकत नाही. भाचीने मैत्रिणीच्या कन्सोलवरून यायचा प्रयत्न केला होता, त्यात आमचा एक आख्खा रविवार गेला.

आता मूळ मुद्दा. जो शेत उघडतो त्याला होस्ट म्हणतात, बाकीचे फार्महँड. मी घरात घरधनी आणि गडी असं म्हणते, कारण नातं खरोखर तसंच आहे. शेत घरधन्याच्या संगणकावर साठवलेलं असतं. तो आला नाही तर शेताचं फाटक बंद. गड्याचं सगळं कसब, त्याची अवजारं, त्याचं खोपटं, सगळं त्या एकाच शेतात राहतं. ते उचलून दुसऱ्या शेतावर नेता येत नाही.

आमच्यात दादाचा संगणक सर्वांत चांगला, म्हणून दादा घरधनी झाला. कुणी जास्त विचार केला नाही. आणि खेळ एकदाच जतन होतो, रात्री सगळे झोपले की. दिवसा मधेच संगणक बंद पडला तर तो दिवस पुसला जातो आणि सगळे पुन्हा सकाळी सहाला उभे. पहिल्याच उन्हाळ्यात दादाच्या भागात वीज जायला लागली. एका आठवड्यात तीनदा आमचा दिवस गेला. तिसऱ्या वेळी भाचीने खाणीत नव्वदाव्या मजल्यापर्यंत मजल मारली होती. तिच्या फोनवर नुसता श्वास ऐकू येत होता. चौदा मिनिटांचाच दिवस तो, पण तिने त्यात जीव ओतला होता.

म्हणून माझं सांगणं आहे: घरधनी निवडताना चांगला संगणक बघू नका, ज्याच्या घरी वीज टिकते आणि जो वेळेला येतो तो माणूस बघा. आम्ही ते शेत सोडलं आणि माझ्या लॅपटॉपवर नव्याने सुरू केलं. लॅपटॉपला बॅटरी असते. राउटरला नसते, म्हणून त्याला एक छोटा यूपीएस जोडला. आता दादाकडची वीज गेली तर फक्त दादा बाहेर पडतो. शेत चालू राहतं आणि वीज आली की तो परत येतो.

दुसरी गोष्ट पैशाची. खेळात दोन पद्धती आहेत: सगळ्यांची थैली एक, किंवा ज्याची त्याला. आम्ही अर्थातच एक थैली घेतली. घरातली माणसं, वेगळं काय ठेवायचं? वसंत ऋतूच्या 13 तारखेला गावात अंड्यांचा उत्सव असतो आणि स्ट्रॉबेरीचं बी तिथे मिळतं, एक बी 100 नाण्यांना. त्याच संध्याकाळी लावलं तर ऋतू संपायच्या आत दोन तोडे मिळतात.  मी दहा दिवस त्या हिशेबाने नाणी साठवत होते. कागदावर वाफे आखून ठेवले होते, दादाला दाखवलेही होते. भाचीला सांगायचं राहिलं. बाराव्या दिवशी तिने दुकानातून मोठी पिशवी घेतली, 2000 नाण्यांची. तिला खाणीत जागा पुरत नव्हती. तिचं चुकलं नव्हतं. थैली तिचीही होतीच. दुसऱ्या दिवशी उत्सवात शिरायला सगळ्यांना एकत्र यावं लागतं, तसे आम्ही तिघं दारात उभे राहिलो. आत गेलो आणि माझ्या हातात सहा बियांचे पैसे होते.

मी तेव्हा चिडले. वयाने मोठी असून चिडले. भाची दोन दिवस आली नाही. तिसऱ्या दिवशी तिने फोन केला आणि म्हणाली, “आत्या, थैल्या वेगळ्या करू या का?” तशी सोय आहे. गावचे महापौर लुइस यांच्या घरात एक हिशेबाची वही आहे. घरधन्याने त्या वहीत बदल केला की रात्र उलटल्यावर वाटण्या होतात. आम्ही वाटण्या केल्या. आणि मग दिसलं की कोंबड्यांच्या चाऱ्याचे पैसे कुणी द्यायचे, यावर रोज बोलावं लागतंय. आठवड्याने आम्ही पुन्हा एक थैली केली, पण या वेळी ठरवून: 500 च्या वरचा खर्च विचारून करायचा, आणि ज्याला काही साठवायचं असेल त्याने कशासाठी ते आधी सगळ्यांना सांगायचं. हा नियम खेळात कुठेच नाही. तो आम्हाला आणावा लागला.

माल विकण्याचा भाव कमी ठेवायचीही सोय आहे, पाऊण, अर्धा किंवा पाव. हात जास्त असले की पैसा लवकर साचतो आणि काम संपल्यासारखं वाटतं, त्यावर हा तोडगा. तिघांना पाऊण भाव पुरतो असा आमचा अनुभव.

झोपेबद्दल मात्र सविस्तर बोलायला हवं. एकट्याने खेळताना पिशवी उघडली की घड्याळ थांबतं. सोबतीत एकट्यासाठी ते थांबत नाही. आणि रात्रीचे दोन वाजायच्या आधी, सगळे अंथरुणावर गेल्याशिवाय दिवस संपत नाही. दोघं झोपले आणि तिसरा अजून नदीवर गळ टाकून बसला असेल, तर दोघांनी पडून राहायचं. पडद्यावर तेवढंच दिसतं: तिघांपैकी दोन तयार. पहिल्या महिन्यात मला हे थांबणं जड जायचं. मग लक्षात आलं की आमचं खरं बोलणं त्याच वेळात होतं. हातात झारी नाही, कुदळ नाही, फोन मात्र चालू. दादाने त्याच्या रक्तदाबाची गोष्ट मला अशीच सांगितली, स्वतः अंथरुणात पडून, भाची खाणीतून वर येईपर्यंतच्या चार मिनिटांत. एरवी दर रविवारच्या फोनवर तो “सगळं ठीक” म्हणत होता. भाची वर आल्यावर आम्ही तिघं झोपलो आणि पुढचा दिवस सुरू केला नाही. तासभर नुसते बोललो.

माझे वडील खटाव तालुक्यातले. त्यांच्या लहानपणी गावात सावड होती: आज तुमच्या रानात आम्ही, उद्या आमच्या रानात तुम्ही. इर्जिकही असायची, म्हणजे एका शेतकऱ्याच्या नांगरटीला सगळ्यांनी आपापले बैल घेऊन यायचं आणि त्याने सगळ्यांना जेवू घालायचं. या खेळातली सोबत मला आधी सावडीसारखी वाटली. ती तशी नाही. ती रोजची इर्जिक आहे. रान कायम एकाचंच. भाचीने हे माझ्या आधी ओळखलं. ती म्हणाली, “आत्या, माझं खोपटं आहे, पण तू नसलीस की मला माझ्याच कोंबड्या दिसत नाहीत.” त्यावर काय उत्तर द्यायचं?

उत्तर आम्ही वडिलांच्या गावाकडून घेतलं. आता शेतं तीन आहेत. सोमवार ते गुरुवार माझ्या लॅपटॉपवरचं मोठं शेत. शुक्रवारी भाची घरधनी असते आणि दादा नि मी तिचे गडी. शनिवारी दादाचं शेत, वीज असेल तर. दर ठिकाणी आपलं कसब शून्यापासून सुरू होतं, ही अडचण खरी आहे. पण भाचीच्या शेतावर ती सांगते आणि आम्ही ऐकतो. तिने तिथे चार भागांत वाटलेलं रान निवडलं आहे, सोबतीसाठी मुद्दाम केलेलं. 2019 च्या नोव्हेंबरमध्ये ते खेळात आलं. दादाला तिने तळ्याची बाजू दिली. मला डोंगराकडची दिली, दगड फोडायला.

तिसरं खोपटं गेल्या महिन्यात बांधलं, माझ्या शेतावर. आईसाठी. 2020 च्या डिसेंबरपासून एकाच पडद्याचे भाग पाडून दोघांना शेजारी बसून खेळता येतं, त्यासाठी खेळ दुसऱ्यांदा विकत घ्यावा लागत नाही. एक कंट्रोलर जोडला की झालं. आईचं वय 76. खेळात मराठी नाही, म्हणून भाची तिला फोनवरून मजकूर वाचून दाखवते. आई खाणीत जात नाही, गावातल्या कुणाशी बोलत नाही. सकाळी उठली की खोपटातला टीव्ही लावते, त्यावर उद्याचं हवामान दिसतं. ते चित्र तिला वाचून दाखवावं लागत नाही. पावसाच्या दिवशी झारी लागत नाही, हेही तिला कुणी सांगावं लागलं नाही.

परवा तिने टीव्ही बघितला आणि फोन माझ्या हातातून घेतला. “उद्या पाऊस आहे,” ती दादाला म्हणाली, “आज लवकर झोपा सगळे. उद्या पाण्याची पाळी नाही.”